मिस्टर जोसेफ यांचं जायफळ

श्रीखंडात जायफळ किसताना अजून माझा हात अडखळतो.

वीसेक वर्षांपूर्वी मी ऑकलंडच्या एका वृद्धाश्रमात नर्स होते. तिथले मिस्टर जोसेफ म्हणजे एका कॅरिबियन बेटाचे माजी पर्यटनमंत्री. एकेकाळी ते स्वतः विमानतळावर उभे राहून पाहुण्यांच्या हातावर जायफळ ठेवायचे. पाडव्याच्या आदल्या दिवशी त्यांनी मलाही एक दिलं. “या एकदा आमच्याकडे.” मी ते घरी नेऊन श्रीखंडात किसलं आणि दुसऱ्या दिवशी कौतुकाने वाटीभर त्यांच्यासाठी नेलं.

पहिल्याच चमच्याला त्यांनी डोळे मिटले.

“माझ्या अंगणातलं झाड. वादळात गेलं. हे शेवटचं होतं.”

त्यांनी वाटी संपवली आणि मंत्र्याच्या अदबीने विचारलं, “मग, आवडलं आमचं बेट?”

“हो, खूप,” म्हणत मी औषधांची ट्रॉली पुढच्या खोलीकडे ढकलली.