नलिनीने टाइप केलेलं आरमार

दहा वर्षांत नलिनीने विद्याधर टिपणिसांची तीन जाडजूड इंग्रजी पुस्तकं टाइप केली, पण स्वतःच्या मनाने एक स्वल्पविरामही हलवला नाही. टिपणीस आरमाराचे इतिहासकार, राहायला अंधेरीत. ही जोगेश्वरीहून कागद नेणार-आणणार. शंका आली तर समासात पेन्सिलीने बारीक प्रश्नचिन्ह काढायचं, एवढाच तिचा अधिकार.

पहिली दोन पुस्तकं नौदलाचं नेतृत्व करणाऱ्या बड्या अधिकाऱ्यांवर होती. अठ्ठ्याऐंशी साली रशियाकडून अणुपाणबुडी भाड्याने आली, तेव्हा तिसरं निघालं अणुशक्तीवर चालणाऱ्या ताफ्यांवर. नलिनीचा बाप दत्ताराम नौदलात बॉयलरवर हयात घालवून घरी बसलेला. अणुभट्टीचं काम तिने समजावलं तेव्हा म्हातारा म्हणाला, शेवटी पाणीच उकळायचं ना, मग एवढा गाजावाजा कशाला?

पुस्तकात आधी जुन्या वाफेच्या जहाजांचं प्रकरण होतं आणि त्यात दत्तारामचं जहाज होतं. नलिनीने पान पुरतं न वाचताच घरी सांगून टाकलं. तेव्हापासून तो रोज विचारायचा, माझं नाव आलं का?

पुढे लिहिलं होतं की वादळात वाफेची नळी फुटली, तरी कॅप्टनने धीराने दुसरा बॉयलर चालू ठेवायला लावला आणि जहाज वाचलं. खरं तर खाली हुकूम पोचलाच नव्हता. दत्ताराम आपल्या मनाने त्या वाफेत उभा राहिला होता. पाठीवरचे डाग घरात सगळ्यांनी पाहिलेले. नलिनीने समासात प्रश्नचिन्ह काढलं.

टिपणिसांनी सगळं ऐकून घेतलं. माणूस वाईट नव्हता. जहाजाच्या नोंदवहीत कॅप्टनचंच नाव आहे, त्याला मी काय करू, म्हणाले.

"सर, नोंद लिहिणारे वर होते," नलिनी म्हणाली.

त्यांनी मान डोलावली आणि रबराने प्रश्नचिन्ह खोडलं. तिला संताप आला, पण तिने वाक्य होतं तसंच टाइप केलं.

पुस्तक छापून आलं तेव्हा दत्ताराम धुतलेला सदरा घालून समोर बसला. त्याला इंग्रजी येत नव्हतं. नलिनी एकेक ओळ मराठीत सांगू लागली. त्या वाक्यापाशी ती जरा थांबली आणि मग तिने कॅप्टनच्या जागी बापाचं नाव वाचलं.

दत्तारामने हात वर करून तिला थांबवलं.

"मी एकटो नव्हतंय गो," तो म्हणाला. "धोंडू होतो माझ्यावांगडा. तेचा नाव नाय?"

नलिनीने पानाकडे पाहिलं.

"आहे ना बाबा. पुढच्याच ओळीत."