कॅप्टननंतर गोलकीपर

तबक माझ्यासमोर आलं आणि पुढं गेलं.

थांबलंच नाही. निरांजनाची ऊब हनुवटीला लागली, इतक्या जवळून गेलं. काकूंनी माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. त्यांची नजर सरळ माझ्या शेजारच्या मुसाबवर. त्याच्या कपाळाला कुंकू लावलं, डोक्यावर अक्षता टाकल्या, ओवाळलं, तोंडात पेढा घातला. मुसाब सुदानचा. त्याला औक्षण म्हणजे काय हे ठाऊक नव्हतं. तो हसत हसत वाकला. त्या रांगेत ज्यांच्या घरी औक्षण होतं असे आम्ही दोघंच होतो. एक आमचा कॅप्टन निनाद, काकूंचा मुलगा. दुसरा मी.

दोह्यातल्या मदिनत खलीफातला व्हिला. मोठा हॉल. आमच्या कॉलेजची पुरुषांची फुटबॉल टीम पहिल्यांदाच कॉन्फरन्स चॅम्पियनशिपच्या फायनलला पोचली होती. सेमीफायनल जिंकलो आणि निनादच्या घरून सगळ्या टीमला जेवणाचं आमंत्रण आलं. शुक्रवारी दुपारी जेवण, शनिवारी संध्याकाळी फायनल. आमचे कोच ट्युनिशियाचे. काकू म्हणाल्या, पोरांना रांगेत उभं करा. कोच म्हणाले, मैदानावर उतरता तसे उभे राहा. म्हणजे सगळ्यात पुढं कॅप्टन, त्याच्यामागं गोलकीपर, मग बाकीचे. जगात कुठंही जा, फुटबॉलचा हाच रिवाज आहे. गोलकीपर मी. म्हणून निनादनंतर माझा नंबर होता.

काकूंनी आधी निनादला ओवाळलं. मग मुसाबला.

चूक झाली असं कुणी म्हणू नये. दारात बूट काढत होतो तेव्हाच त्यांनी मला बाजूला घेतलं होतं.

"तू महाराष्ट्रातला ना? निनाद सांगत असतो. पूर्ण नाव काय रे तुझं?"

सांगितलं.

"गाव?"

सांगितलं. परभणी जिल्ह्यातलं.

"अच्छा. अच्छा."

आमच्यातल्या कुणालाही विचारा, हे दोन अच्छा त्यांच्या ओळखीचे असतात. पहिला नावाला असतो, दुसरा जातीला. दुसरा अच्छा जरा खालच्या आवाजात येतो, आणि त्यानंतर माणूस हसतो पण जवळ येत नाही. माणसं दोह्याला येतात, अरबीतले चार शब्द शिकतात, पोरांशी इंग्रजीत बोलतात, पोळीऐवजी खबूस खातात. जात तेवढी हँडबॅगेतून सांभाळून आणतात.

रांग पुढं सरकत राहिली. इजिप्तचा, लेबननचा, केनियाचा, फिलिपिन्सचा. पाकिस्तानचा फैजल होता, त्यालाही ओवाळलं. सुहेल आमचा राइट बॅक, मूळचा रत्नागिरीचा. तो अवघडून म्हणाला, "काकू, कुंकू नको हां मला. चालेल ना?" काकू केवढ्या प्रेमानं म्हणाल्या, "अरे चालेल की! नुसती ओवाळते. आपल्याकडं भेदभाव नाही हो." आणि ओवाळलं. त्याच्यासाठी वाट काढली. मी दोन हात मागं बांधून तिथंच उभा. कपाळ कोरडं. कोच मोबाइलवर शूटिंग करत होते आणि ब्यूटिफुल, ब्यूटिफुल म्हणत होते. तोंड उघडलं ते त्यांनीच. त्यांनी माझ्याकडं बोट करून विचारलं, "अँड द कीपर?"

काकू म्हणाल्या, "डन, डन. ऑल डन."

मला तेव्हाच ते तबक उलटं करावंसं वाटलं. खरंच वाटलं. पण दुसऱ्या दिवशी फायनल होती, आणि वीस पोरं भुकेली होती. जेवायला बसलो. सुहेल शेजारी आला.

"तुला नाय ओवाळलान रे?"

"नाही."

"कशाला?"

मी पुरी मोडत राहिलो. तीन वर्षं तो माझ्यापुढं राइट बॅकला खेळतोय. त्याला कुठून सुरुवात करून सांगू, हेच कळेना.

हात धुवायला गेलो तर निनाद मागून आला. माझ्या पाठीवर हात ठेवला. "मनावर घेऊ नको रे. आई जरा जुन्या वळणाची आहे. उद्या मॅच आहे, आज सीन नको."

म्हणजे त्यानं बघितलं होतं. बघून तो गप्प बसला होता. स्वतःच्या घरात, स्वतःच्या आईसमोर, मागं उभ्या असलेल्या पोरासाठी त्याला एवढंही म्हणता आलं नाही की आई, हा राहिला. काकूंचा राग आला होताच. पण ह्याचा राग हाडात गेला. तो हात मी झटकला आणि निघालो.

घर अल सद्दला. दोन खोल्या. बाबा वेस्ट बेच्या एका टॉवरमध्ये एसी मेंटेनन्सला आहेत. त्याच टॉवरमध्ये निनादचे वडील बँकेत मोठे साहेब. त्यांच्याच शब्दावर उन्हाळ्यातली माझी इंटर्नशिप ठरली होती. आई भाकरी थापत होती. मी सगळं सांगितलं.

बाबा म्हणाले, "गप बस. कुणाला बोलू नको. फायनल खेळ, इंटर्नशिप कर, पुढं जा. इथं तरी गप बस."

आईचा हात थांबला. "गप कशाला बसंल त्यो? गपच बसायचं व्हतं तर गावात काय वाईट व्हतं? इतक्या लांब हे ऊन खायाला कशाला आलो मग?"

"तुला नोकरीतलं काय कळतं?"

"नोकरीतलं नाही कळत. ह्याच्यातलं कळतंय."

तव्यावरची भाकरी करपली. त्या दिवशी कुणीच नीट जेवलं नाही.

शनिवारी संध्याकाळी ड्रेसिंग रूम. बाहेर मैदानावर दिवे लागले होते, ढोल वाजत होता, स्टँडमध्ये आमच्या कॉलेजची पोरं ओरडत होती. मी खरंच ठरवून गेलो होतो की बाबांचं ऐकायचं. आम्ही गोल करून उभे राहिलो, एकमेकांच्या खांद्यावर हात. निनाद कॅप्टनचं भाषण करायला लागला. इंग्रजीत. आपण एक कुटुंब आहोत. आपल्यात देश नाही, धर्म नाही. काल माझ्या आईनं आपल्या सगळ्यांना आशीर्वाद दिला.

सगळ्यांना.

"नॉट ऑल," मी म्हणालो.

माझा आवाज मलाच अनोळखी वाटला. निनाद मराठीत हळूच म्हणाला, "आत्ता नको. प्लीज." मी मुद्दाम इंग्रजीतच बोललो, म्हणजे प्रत्येकाला कळेल. म्हणालो, काल निनादच्या आईनं मला माझं नाव विचारलं, माझं गाव विचारलं, आणि मग मला वगळलं. कारण आमच्या देशात माणसाची जात असते, ती आडनावावरून कळते, आणि माझी जात त्यांच्या लेखी विटाळाची आहे. आमच्या आज्या-पणज्यांची सावली ह्यांना चालत नव्हती. ते संपलं असं मला शाळेत शिकवलं. ते काल दुपारी मदिनत खलीफात घडलं. तुम्ही सगळे तिथं होता.

मुसाब माझ्याकडं बघत होता.

"पण तिनं मला लावलं," तो म्हणाला. "मी तर काळा आहे. मुसलमान आहे. मला का लावलं?"

"तू कोण आहेस ते तिला माहीत नाही. मी कोण आहे ते माहीत आहे."

निनाद लाल झाला. म्हणाला, हा आमचा कल्चरल विषय आहे, गैरसमज झालाय. मी म्हटलं, मग सांग सगळ्यांना, काल हात धुताना तू मला काय म्हणालास. त्यानं दंडावरचा कॅप्टनचा पट्टा सारखा केला. कोचनी टाळ्या वाजवल्या. "खलास! यल्ला, मैदानावर. हे मी नंतर बघतो." ते 'नंतर' अजून उगवलेलं नाही.

हरलो आम्ही. एक-शून्य. शेवटी शेवटी कॉर्नर आला, त्यांच्या उंच पोरानं हेडर मारला, माझी बोटं बॉलला लागली, आणि बॉल पोस्टला लागून आत गेला. त्याआधी मी चार अडवले होते, पण हरलेल्या गोलकीपरचे अडवलेले कोण मोजतो? बसमध्ये कुणीतरी मागं बोललं की मॅचच्या आधी टीम फोडली तर असंच होणार. मी वळून बघितलं नाही. मुसाब उठून माझ्या शेजारी येऊन बसला.

रविवारी निनादच्या वडिलांचा फोन. ऑफिसला ये म्हणाले. वेस्ट बेचा तोच टॉवर, वरचा मजला, काचेपलीकडं समुद्र. मला खुर्ची दिली. चहा मागवला.

"हे बघ, तू मला निनादसारखाच. जात-बित आमच्या घरात कुणी मानत नाही. तू ती काढलीस. आणि कुणासमोर? बाहेरच्यांसमोर. आपल्या लोकांची अब्रू गेली रे."

"आपले लोक म्हणजे कोण?" मी विचारलं.

ते हसले. "टीमच्या ग्रुपवर दोन ओळी टाक. गैरसमज झाला होता, सॉरी. विषय संपला. इंटर्नशिपचं पक्कं आहेच." मग चहा माझ्याकडं सरकवला. "तुझे बाबा इथंच मेंटेनन्सला आहेत ना? भला माणूस. कधी तक्रार नाही त्यांची."

किती मऊ आवाजात म्हणाले. गावात पाटील वाड्यासमोर उभं करून शिव्या घालायचा, ते तरी उघड होतं असं आजा सांगायचा. इथं चहा देऊन सांगतात की तुझ्या बापाची भाकरी आमच्या हातात आहे. मी खुर्चीचे हात आवळून धरले होते. रागानं. ते त्यांना भीतीनं वाटलं असणार, कारण ते आणखी मायेनं म्हणाले, "घे, चहा घे."

मी उठलो. म्हणालो, "काकूंनी मला वगळलं ह्यात गैरसमज काय आहे तेवढा सांगा. लगेच लिहितो."

त्यांनी खिडकीबाहेर बघितलं. मग म्हणाले, "तुम्हा लोकांना चांगलं वागवलं तरी..."

वाक्य त्यांनी अर्धं सोडलं. पूर्ण करायची गरजच नव्हती. जात न मानणाऱ्या घरात 'तुम्हा लोकांना' हा शब्द कुठून आला, असं विचारून मी बाहेर पडलो. चहाला हात लावला नाही.

संध्याकाळी बाबांना सगळं सांगितलं. ते खूप चिडले. मला आयुष्यात पहिल्यांदा म्हणाले की तुला शिकवून चुकलो. तेव्हापासून ते माझ्याशी बोलत नाहीत. रोज सकाळी त्याच टॉवरवर जातात, आणि ते परत येईपर्यंत माझा जीव टांगलेला असतो. त्यांना काढतील, बदली करतील, की नुसतं टांगतं ठेवतील, मला माहीत नाही. इंटर्नशिपचं पत्र आलेलं नाही. येणारही नाही. ग्रुपवर कुणी मला टॅग करत नाही.

त्या दोन ओळी मी लिहिणार नाही. बाबांच्या नोकरीची भीती मला रोज वाटते, आणि तरी लिहिणार नाही. माफी मागायची असेल तर त्या घरानं मागायची. ती बेसिनपाशी पाठीवर हात ठेवून चालणार नाही आणि केबिनमध्ये चहा देऊनही चालणार नाही. ज्या पोरांसमोर मला वगळलं, त्या सगळ्या पोरांसमोर मागायची.

निनादचं आणि माझं कॉलेजचं एक वर्ष बाकी आहे. तो कॅप्टन राहील, मी गोलात उभा राहीन. टीम सोड असं मला सुचवून झालंय. मी सोडणार नाही. मैदानात त्याला बॉल देईन, कारण बॉल टीमचा आहे.

हात देणार नाही.