ताईच्या दुकानाचं सील

माझ्या थोरल्या बहिणीचं निजामपुऱ्यात शोभेच्या माशांचं दुकान आहे. शिक्षिकेची नोकरी सोडून तिने ते काढलं तेव्हा घरात सगळ्यांनी नाकं मुरडली. आमचं बडोद्याचं मराठी घर पणजोबांपासून सरकारी चाकरीतलं. दुकानदारी सात पिढ्यांत कुणी केली नव्हती. त्यामुळेच की काय, ताई कागदपत्रांच्या बाबतीत अतिच काटेकोर. परवाना, आगीच्या सुरक्षेचा दाखला, सगळं वेळच्या वेळी. एक दिवस माशांचंही आधार कार्ड काढशील, असं मी तिला चिडवायचो.

एका दुपारी महापालिकेचं तपासणी पथक आलं. वरच्या मजल्यावरच्या ट्यूशन क्लासकडे आगीचा दाखला नव्हता, म्हणून त्यांनी अख्ख्या इमारतीलाच सील ठोकलं आणि वीजही तोडली. ताईने आपला दाखला पुढे केला. पथकाचा अधिकारी, पन्नाशीचा, घामाघूम झालेला गृहस्थ, म्हणाला, "बेन, तमारी वात साची, पण ऑर्डर आखी बिल्डिंगनो छे." म्हणजे ताईचं म्हणणं खरं, पण हुकूम अख्ख्या इमारतीचा.

वीज गेली म्हणजे टाक्यांतले हवेचे पंप बंद, आणि पंपांशिवाय मासे गुदमरणार. बॅटरीवरचे पंप लावण्यापुरती ताईने पाच मिनिटं मागितली. एकदा लावलेलं सील मला तोडता येत नाही, नोकरी जाईल, असं तो म्हणाला. मी त्याच्या अंगावर धावून गेलो. ताईने दंडाला धरून मला मागे ओढलं. मग ती शटरला कान लावून बसली. आत काहीच वाजत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी आमचे वकील अमदाबादला हायकोर्टात उभे राहिले. महापालिकेच्या वकिलांनी उत्तरासाठी मुदत मागितली. न्यायमूर्तीबाई म्हणाल्या, मुदत खुशाल घ्या, पण जिच्याकडे सगळे परवाने आहेत तिचा धंदा कोणत्या अधिकाराने बंद केला, ते आज सांगा. वकिलांनी पुन्हा मुदतच मागितली. दुकान आजच्या आज उघडून द्या आणि रीतसर नोटिशीशिवाय पुन्हा तिच्या वाटेला जाऊ नका, असा हुकूम झाला. मला तर कोर्टातच टाळ्या वाजवाव्याशा वाटल्या.

संध्याकाळी तोच अधिकारी सील काढायला आला. शटर वर गेलं आणि आधी वास आला. बरण्यांतले फायटर मासे तेवढे जिवंत होते, कारण ते पाण्यावर येऊन हवा घेतात. बाकी टाक्यांत सगळे उलटे तरंगत होते. ताई रडली नाही. ती जाळी घेऊन कामाला लागली. मी त्या माणसाला फैलावर घेणार, तेवढ्यात त्याने बाह्या सरसावल्या आणि तिच्यासमोर बादली धरली. दोघं बराच वेळ मेलेले मासे काढत होते.

शेवटी ताईच्या सहीसाठी त्याने पंचनामा पुढे केला. दुकान आणि माल सुस्थितीत परत मिळाला, असं त्यात आधीच टाइप केलेलं होतं. ताईने पेन हातात घेतलं, पण तिला सही करवेना. त्याने तिच्याकडे पाहिलं, कागद परत ओढून घेतला आणि ती ओळ स्वतःच खोडली. आम्ही वीज तोडल्यामुळे मासे मेले, असं त्याने गुजरातीत स्वच्छ अक्षरात लिहिलं आणि खाली आपली सही ठोकली. सकाळपासून जमवलेल्या शिव्या मी गिळून टाकल्या.

त्या ओळीच्या जोरावर पुढे कोर्टाने ताईला भरपाई मंजूर केली. आणि त्याच ओळीपायी खात्याने त्याला निलंबित केलं. हे कळलं तेव्हा ताईने भरदुपारी दुकान बंद केलं, मला स्कूटरवर मागे बसवलं आणि अलकापुरीत आमच्या वकिलांचं ऑफिस गाठलं.

"आता त्या साहेबांची केस घ्या," ती म्हणाली. "साक्षीला मी उभी राहते."