भारत जिंकला की आमच्या गोरेगावात

फुटबॉलच्या गप्पांना बसलो की गोल राहतात बाजूला, मिरवणुकांचेच किस्से निघतात. आम्ही जंगलपट्टीतल्या गोरेगावच्या मैदानावर खेळणारी पोरं. भारत जिंकला की ढोल घेऊन रस्त्यावर! एक किस्सा आठवला की दुसरा त्याच्या मागे लागूनच येतो.

*

पहिल्यांदा बस स्टँडसमोर फटाक्यांची लड लावली. ठिणग्या उडाल्या, कागद उडाले, आवाज मात्र नाही. ओली असेल म्हणून पुढे निघालो. बाजारात पोचलो, तेव्हा मागे स्टँडवर लड कडाडली. आमचा ढोलवाला बंडू पळत जाऊन पाहून आला. म्हणे, कागद अजून गरमच आहेत.

चहावाले गणपतभाऊ म्हणाले, "उशिरा वाजली, पन वाजली ना."

*

आमचा सुरेश एकदा चिचगडला सासरी होता. संध्याकाळी अंगणात मोबाईलवर मॅच बघत होता. भारताचा गोल झाला, हा ओरडला, तशी समोरच्या जंगलातून गर्दी ओरडली. आवाज घुमला असेल, असं त्याला वाटलं.

थोड्या वेळाने जंगलात पुन्हा जल्लोष. मोबाईलवर तर बॉल अजून मैदानाच्या मधातच होता. मग गोल झाला.

सासरे सुपारी कातरत म्हणाले, "त्यायचं नेटवर्क भारी हाये."

*

एकदा भारत हरला. कोणीच घराबाहेर निघालं नाही. सकाळी चौकभर गुलाल.

गणपतभाऊ झाडू मारत होते. "आपन हरलो म्हंजे कोनी तरी जिंकलंच असन."

*

आमचा गोलकीपर दिनेश तापाने गेला, त्याच पावसाळ्यात भारत जिंकला. त्याच्या घरासमोर ढोल कसा वाजवायचा? आम्ही गल्ली बदलली.

चौकात त्याची आई, शांताकाकू, आरतीचं ताट घेऊन उभी. "माया घरासमोरून काऊन नाई आले?"

बंडूने मान खाली घातली. ती म्हणाली, "चला." आम्ही तिच्या मागे गेलो आणि तिच्या दारात ओळीने उभे राहिलो. दर विजयाला करायची तसंच तिने एकेकाला ओवाळलं, कुंकू लावलं, वर तांदूळ लावले.

शेवटी मी होतो. माझं झाल्यावर ती एक पाऊल बाजूला सरकली. तिथे कोणी नव्हतं. दिनेश उंच होता. काकूने टाचा उचलल्या, हात वर नेला.

"वाक ना थोडा, बाबू."

मग तिच्या टाचा टेकल्या. तिने हवेत अंगठा फिरवला, चिमूटभर तांदूळ दाबले आणि हात काढला.

आम्ही सगळ्यांनी खाली पाहिलं. त्या जागी एकही दाणा पडला नव्हता.