मूकपटातून मराठी

मुलांचं मराठी सुधारावं म्हणून मी त्यांना मूकपट दाखवला.

हसू नका, त्यामागे विचार होता. इथे आखातात शुक्रवारी सुट्टी, म्हणून दर शुक्रवारी सकाळी रिग्गईतल्या आमच्या फ्लॅटमध्ये मी मराठी मंडळातल्या मुलांचा मराठीचा तास घेतो. सुरुवातीला चौदा जण होते. पोहण्याच्या क्लासने पळवून पळवून पाच उरले. त्यातल्या एकाची आई त्या दिवशी तास बघायला येणार होती. बाई रत्नागिरीच्या, जाब्रियाच्या दवाखान्यात नर्स. फोनवर स्वच्छ सांगितलं, "घरात मराठीचा एक शब्द बोलत नाही. आज बोलला तर ठेवते, नाहीतर तोही पोहायला." तो गेला की बाकीचे चारही गेले, हे मला ठाऊक होतं.

त्या जुन्या मूकपटात दोन कार्टी जिन्याला साबण फासतात आणि मिशाळ हवालदार आपटतो. पडद्यावर कोणी बोलत नाही, तेव्हा पोरांनी मराठीत बोलावं, ही माझी योजना. वर नियम केला: इंग्रजी शब्द आला की सिनेमा बंद.

पोरं माझ्यापेक्षा हुशार. त्यांनी बोलणंच बंद केलं. हवालदार पडला की मांड्यांवर थापा, एकमेकांना खाणाखुणा, पण तोंडातून ब्र नाही.

"आता तो काय करतोय रे?"

पाच बोटं पडद्याकडे वळली.

बाईंनी घड्याळ बघितलं. तेवढ्यात त्यांना दवाखान्यातून फोन आला म्हणून त्या बाल्कनीत गेल्या आणि मी चहा टाकायला स्वयंपाकघरात पळालो. चहा उकळेपर्यंत बाहेर चिडीचूप. शहाण्या माणसाला तिथेच शंका आली असती.

ट्रे घेऊन पॅसेजमध्ये पाऊल टाकलं आणि पुढचं सगळं हवालदारासारखं झालं. फक्त मला मिशा नाहीत. चहा भिंतीवर, बिस्किटं चपलांत, मी फरशीवर उताणा.

"आई, काका पडले! धाडकन पडले!" ओरडणारा तोच, घरात न बोलणारा.

"साबण ह्याने ओतला!"

"खोटारड्या, बाथरूममधून बाटली कोणी आणली?"

"काका, परत पडा ना! मला दिसलंच नाही!"

कंबर धरून मी वाक्यं मोजत होतो.

बाई धावत आल्या. माझा गुडघा दाबून बघितला, काही मोडलेलं नाही असं ठरवलं आणि म्हणाल्या, "पुढच्या शुक्रवारी पाठवते. पण भावोजी, तुम्ही शिकवायच्या भानगडीत पडू नका. नुसते पडत जा."