कुटलं पाव्हणं?

टेंभुर्णीच्या चौकात आम्ही पुण्याच्या गाडीची वाट बघत होतो. माझ्या बॅगेला बांधलेली सुतळी घट्ट आहे की नाही हेच आण्णा, माझे वडील, पुन्हा पुन्हा बघत होते. चहाच्या टपरीवर कुणीतरी विचारलं, पोरगं कुठं चाललं. "ग्रीसला," आण्णा म्हणाले. "कशाला?" "कविता शिकायला." तो माणूस म्हणाला, "आपल्याकडच्या संपल्या व्हय?" सगळे हसले, आण्णासुद्धा हसले. आई तेवढी हसली नाही. गाडीच्या पायरीवर मी "जातो" म्हटलं, तर तिने दंडाला धरून खाली ओढलं. "जातो म्हणू नगं. येतो म्हण." मी येतो म्हटलं आणि गेलो.

ताई, हे तुझ्यासाठी लिहितोय. आपल्या तालुक्यातून पुण्याला, दुबईला, कुठं कुठं गेलेल्यांसाठीही लिहितोय. तुला यातलं बरंचसं माहीत आहे, पण त्यांना सांगावं लागेल.

पुण्यात शिकताना मला ग्रीकचं वेड लागलं, शिष्यवृत्ती मिळाली आणि मी अथेन्सला पोचलो. त्या भाषेत एक शब्द आहे, क्सेनोस. जुन्या काव्यात त्याचे अर्थ दोन, अनोळखी माणूस आणि पाहुणा. आजच्या बोलण्यात मात्र बहुतेक वेळा परका, बाहेरचा एवढाच अर्थ उरलाय. राहण्याच्या परवान्यासाठी मी ज्या कचेरीसमोर थंडीत रांगेत उभा राहायचो, तिथे तो शब्द माझ्यासाठी वापरलेला मी ऐकलाय. त्यात पाहुणचार नावालाही नव्हता.

अभ्यासाला मी डोंगरातल्या गावांतल्या बायकांची शोकगीतं घेतली. परदेशी गेलेल्यासाठी आणि मेलेल्यासाठी तिथे जवळजवळ सारखंच रडतात. पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा मला ते फार काव्यमय वाटलं होतं. अक्कल गहाण ठेवली होती, दुसरं काय. माझ्याकडच्या एका गीतात मुलगा बऱ्याच वर्षांनी परततो आणि दारातली आई त्याला 'माझ्या क्सेनोसा' अशी हाक मारते. सगळा वाद या हाकेवर होता. माझ्या मार्गदर्शक बाईंचं म्हणणं सरळ होतं. ती त्याला ओळखत नाही, त्यात गोड काही शोधू नकोस.

मला ते पटेना. मी फळ्यावर देवनागरीत 'पाव्हणं' लिहिलं आणि त्यांना सांगितलं, आमच्या सोलापूरकडे वाटेने चाललेल्या कुणालाही "काय पाव्हणं, कुटलं?" असं विचारतात. माणूस आधी पाहुणा असतो, परका ठरतो तो नंतर. आणि माझे वडील तर मी सुट्टीला आलो की दारातच म्हणतात, "आलं का पाव्हणं! म्हशीला वळखू आलं का, बगा." पोराला पाहुणा म्हणणं ही आमच्याकडे माया असते, गीतातली आईसुद्धा तशीच मायेनं चिडवतेय. माझा अख्खा प्रबंध या एका शब्दावर उभा राहिला. बाईंनी सही केली, कौतुकही केलं. मत मात्र बदललं नाही.

प्रबंधानंतर मी तिथेच शिकवायला लागलो. आई गेली ती पौषात. केळीच्या बागेत मोटार चालू करायला गेली आणि तिथेच बसली. त्या दिवशी मी वर्गात शोकगीतांवर बोलत होतो, आणि चांगलं बोललो होतो, याचाच जास्त त्रास होतो. राख सावडून झाल्यावर दाजींचा फोन आला. आधी का कळवलं नाही म्हणून मी ओरडलो. दाजी म्हणाले, "आण्णांनी आडवलं. त्येची परीक्षा हाय, आत्ता सांगू नगा, म्हनले." परीक्षा माझी नव्हती, मी विद्यार्थ्यांची घेणार होतो. आण्णांच्या लेखी कॉलेज म्हणजे परीक्षा. मी त्यांना त्याबद्दल कधी बोललो नाही, पण राग धरला. पुढे बरीच वर्षं कधी परवान्याचं कारण सांगितलं, कधी कामाचं, आणि आलोच नाही.

ताई, तू फोनवर म्हणायचीस, आण्णा हल्ली विसरतात. मला वाटायचं, वय झालंय, चष्मा विसरत असतील, किल्ली विसरत असतील.

यंदा आलो तेव्हा टेंभुर्णीच्या चौकात मला ती टपरी सापडली नाही, सगळीकडे पुलाचे खांब. गावात धरणाचं पाणी तसंच होतं, मोटारींचा आवाजही तोच. आण्णा अंगणात बाजेवर बसले होते, पूर्वीच्या मानाने फार बारीक झालेले. मला बघून त्यांनी हात वर केला. "या, या. कुटलं पाव्हणं?"

मला इतका आनंद झाला! म्हटलं, राग गेला म्हाताऱ्याचा, चिडवतायत. मीही हसून म्हणालो, "अथेन्सचं." आणि मग तुझ्याकडे बघितलं. तू हातात पाण्याचा तांब्या घेऊन दारात उभी होतीस आणि 'नाही' अशी मान हलवत होतीस.

"लई लांबचं की," आण्णा म्हणाले. "बसा. भाकरी खाऊन जावा." मग जवळ सरकून, तू ऐकू नयेस म्हणून हळूच म्हणाले, "आमचा पोरगाबी तिकडंच कुटं हाय. कविता शिकतोय. तुमाला घावला तर सांगा त्याला, म्हातारी गेली म्हनावं. आमी कळवलं न्हाय अजून. आमचं चुकलं. पर त्याची परीक्षा व्हती."

मी म्हटलं, सांगतो.

ताई, तू आत निघून गेलीस. मी भाकरी खाल्ली. त्यांनी स्वतः उठून मला दुसरी वाढली, पाहुण्याला वाढतात तशी, नको म्हटलं तरी. निघताना पाया पडलो आणि "येतो" म्हणालो, तेव्हा ते म्हणाले, "या पाव्हणं. घर तुमचंच हाय."

परत आल्यावर मी बाईंना फोन केला आणि म्हटलं, तुमचं बरोबर होतं. त्यांनी कारण विचारलं नाही. मला प्रबंधातलं ते पान खोडता येत नाही, आणि खोडावंसंही वाटत नाही, कारण ती दुसरी भाकरी मी खाल्लीय. तरी आण्णा मला ओळखत नाहीत, हे खरं. घर म्हणजे आता मला एवढंच उरलंय की तिथे माझी वाट बघणारा माणूस आहे आणि त्याला मी चालत नाही.

दर रविवारी तू फोन त्यांच्या कानाला लावतेस. ते माझा आवाज ऐकून खूश होतात, पाहुण्याने आठवण ठेवली म्हणून. मग विचारतात, "घावला का आमचा पोरगा?"

मी म्हणतो, "अजून न्हाय, आण्णा. बघतोय."