चाल माझी, तोंड तिचं

आमच्या गावच्या किराणा दुकानदाराची पोरगी सिनेमात काम करते म्हटलं, तर शिरूर कासारात कुणाला पटायचं न्हाई. तिचा एकही सिनेमा कुणी बघितलेला न्हाई. प्रायोगिक म्हणे! गाणं न्हाई, मारामारी न्हाई. बाई चालायला लागली की चालतच राहते. पण शेवटी ती सिनेमात, अन् मी ऊसतोडीला. शाळेच्या गॅदरिंगला राणी मी व्हायचे, ही मागं उभी राहून पंखा हलवायची. मी काही ते विसरलेली न्हाई.

गेल्या हंगामात आमची टोळी कड्याच्या साखर कारखान्याकडं उतरली होती. ही थेट फडात हजर, संगं दिग्दर्शक अन् कॅमेरावाला. "अगं, ऊसतोडीच्या बाईचं काम करायचंय. मला उसाची मोळी वाहायला शिकव. तुलाबी सिनेमात घेऊ."

तेवढ्यासाठी शिकवलं. डोक्यावर कापडाची चुंबळ कशी बसवायची, तिच्यावर मोळी आली की मान कशी धरायची, ट्रकला लावलेल्या फळीवर पाय कसा टाकायचा. साडीवर घालायला माझ्या नवऱ्याचा जुना शर्टसुद्धा दिला. थोड्याच दिवसांत भवानी हुबेहूब माझ्यासारखी चालायला लागली. माझा डावा खांदा जरा खाली असतो, तीसुद्धा लकब उचलली तिनं!

मग माझी पाळी आली. मी लग्नातली साडी नेसले, पावडर लावली, मोळी घेतली अन् कॅमेऱ्याकडं बघून राणीसारखी हसले. दिग्दर्शक म्हणाला, "ताई, जरा जास्त होतंय." पुन्हा चालले, पुन्हा जास्त झालं. मग त्यानं कॅमेराच बंद केला. मेल्याला मोळीवाली बाई पायजे होती, अन् खरी मोळीवालीच चालंना!

हंगाम संपून गावी आलो, तवा तिनं शाळेत सिनेमा दाखवला. माझ्या सासूबाई पुढंच बसलेल्या, डोळ्यांत मोतीबिंदू. पडद्यावर एक पाठमोरी बाई मोळी घेऊन फळी चढायला लागली, तशा त्या ओरडल्या, "अगं बया! ही तर आमची सून हाय!"

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. इतक्या वर्षांत सासूबाईंनी माझं कवा कौतुक केलं नव्हतं. खोटं कशाला बोलू, लई गोड वाटलं.

अन् ती बाई वळली. तोंड हिचं. पोरं फिदीफिदी हसायला लागली. सासूबाईंना काही दिसंना. "काय झालं? सूनच हाय ना ती?"

तशी ही पुढं गेली, त्यांच्याजवळ खाली बसली, हात हातात घेऊन म्हणाली, "व्हय मावशी, तुमची सूनच हाय."

सून सिनेमात हाय म्हणून सासूबाई आता गल्लीभर सांगत फिरतात. मी ऐकते अन् आतून जळते. सिनेमा तर घेतलाच होता तिनं, निदान मोठं मन तरी दुसऱ्या कुणाला ठेवायचं होतं मेलीनं!